गैरहजर
गॅलोवे, स्कॉटलंड. सन १६६५.

घंटा तीच, दोरही तोच.
मी ओढतो तसाच, उजवा पाय भिंतीला लावून.
पूर्वी तीनशे माणसं यायची.
आता तेरा.
त्यातला एक ठार बहिरा, दोघे शिपाई.

गेल्स्टन पाद्र्यांना बिशपने काढलं तो मंगळवार होता.
बिशप आला नाही, कागद आला.
पाद्र्यांनी तो वाचला, घडी घातली,
मला म्हणाले, निनियन, छप्पर गळतंय ते बघितलंस का?
नाही बघितलं, म्हणालो.
मग गेले. बायको, पाच मुलं,
आणि खुराड्यात न मावलेली एक कोंबडी
धाकट्याच्या कोटात.

नवा आला लम्सडेन, पार उत्तरेकडचा.
वय चोवीस, खोकला म्हाताऱ्याचा.
त्याची बोली आम्हाला कळत नाही,
आमचं गप्प बसणं त्याला कळतं.
पोरं रात्री त्याच्या दाराला शेण फासतात,
पहाटे तो स्वतःच धुतो,
कुणी उठायच्या आत.

राजा म्हणतो, बिशप हवेत.
माळावरचे म्हणतात, ख्रिस्ताच्या आणि आमच्या मध्ये
हा झगेवाला कशाला?
मी काय म्हणतो ते कुणी विचारलेलं नाही.
मला घंटेचे वर्षाला एक बुटांचा जोड
आणि दोन पोती ओट मिळतात.

रविवारी सगळे तिकडेच, माळावर.
ओल्या गवतात, बायका मध्ये, गडी कडेने,
गेल्स्टन एका धोंड्यावर उभे.
टिटव्या डोक्यावर कलकलत घिरट्या घालतात
आणि तीन मैलांवरून घोडेस्वारांना कळतं
आज देव कुठे बसलाय.
टिटवीचा तरी काय दोष?
तिची अंडी त्याच गवतात.
माझी बेथिया मात्र म्हणते, टिटवी बिशपची,
आणि दिसली की दगड उचलते.

आणखी एक सांगायचं राहिलं.
प्रभूच्या पंगतीला बसायचं तर
शिशाचा बिल्ला लागायचा, नखाएवढा,
त्यावर आमच्या गावाचं पहिलं अक्षर.
साचा माझ्याकडे, बिल्ल्यांची पिशवीही.
सार्जंटने विचारलं, शिसं आहे?
नाही म्हणता आलं असतं.
पळीत आधी अक्षर गेलं, मग कडा.
सत्तावीस गोळ्या झाल्या.
सार्जंटने त्या दोनदा मोजल्या,
मी एकदाच.

तर यादी.
जो चर्चला येत नाही त्याला दंड,
आणि दंड नाही भरला तर घरात शिपाई,
जेवायला, झोपायला, पलंगाच्या फळ्या जाळायला.
नावं लिहायची मी,
कारण तेराजणांत लिहिता येणारा मी एकटा.
सहा आठवडे बेथियापुढे मी 'आजारी' लिहिलं.
सातव्या आठवड्यात सार्जंट म्हणाला,
तुझी आजारी बायको परवा ओढा ओलांडताना दिसली,
स्कर्ट खोचून, पोरीसारखी.
लम्सडेनने खिडकीबाहेर बघितलं.
खोकला नेमका तेव्हाच आला नाही.

लिहिलं.
लग्नाला एकवीस वर्षं झाली,
तिचं नाव मी पहिल्यांदाच लिहीत होतो.
लिहायचं कारणच कधी पडलं नव्हतं, घरात हाक मारली की पुरे.
शाई दाट होती. दुसऱ्या अक्षरावर हात अडला.

यादी चर्चच्या दारावर ठोकली.
संध्याकाळी ती आली. वर्षात पहिल्यांदा
उंबऱ्यापर्यंत. आत नाही.
बोट लावून खालपर्यंत वाचत गेली,
शेजारणींची नावं, तिच्या भावाचं, मग थांबली.
मी दोराजवळ उभा, दोर हातात नाही.

चुकलंय, म्हणाली.
मी म्हणालो, बेथिया, सार्जंटने...
ते नाही. दुसरं अक्षर चुकलंय.

मग घरी गेली, गाय सोडून बांधाशी उभी राहिली.
दंड गायीएवढाच होता.